दहा राग, तीन जपानी यंत्रे

चरणजित सिंग (१९४०–२०१५) हे मुंबईच्या हिंदी चित्रपटसंगीतातील वादक होते. बास गिटार, हवाईयन गिटार, ट्रान्झिकॉर्ड आणि सिंथेसायझर ही त्यांची वाद्ये. शंकर-जयकिशन, राहुलदेव बर्मन, लक्ष्मीकांत-प्यारेलाल अशा संगीतकारांच्या वाद्यवृंदात त्यांनी अनेक वर्षे साथ केली. ही साथ लाखो श्रोत्यांच्या कानी पडली, पण वाजवणाऱ्याचे नाव त्यांच्यापर्यंत पोहोचले नाही. १९८२ मध्ये त्यांनी ‘टेन रागाज टू अ डिस्को बीट’ ही ध्वनिमुद्रिका तयार केली. भैरव, ललत, भूपाळी, तोडी, मधुवंती, मेघमल्हार, यमन, कलावती, मालकंस आणि बैरागी हे दहा राग त्यांनी जपानच्या रोलँड कंपनीच्या तीन नव्या इलेक्ट्रॉनिक वाद्यांवर वाजवले होते. त्या वेळी या ध्वनिमुद्रिकेकडे फारसे कोणी लक्ष दिले नाही. जवळपास तीन दशकांनी ती पुन्हा प्रकाशित झाली, तेव्हा युरोप-अमेरिकेतील संगीतजाणकार थक्क झाले. शिकागो शहरात १९८७ मध्ये जन्मले असे मानल्या गेलेल्या एका नृत्यसंगीताचा नाद मुंबईत त्याआधी पाच वर्षे मुद्रित झालेला होता.

नागिनच्या पुंगीपासून मूगपर्यंत

मुंबईच्या स्टुडिओंमध्ये इलेक्ट्रॉनिक कळफलक चरणजित सिंग यांच्या बऱ्याच आधी आला. फ्रान्समध्ये कॉन्स्टंट मार्टिन यांनी १९४७ मध्ये क्लाव्हिओलीन नावाचे छोटे वाद्य बनवले. त्यावर एका वेळी एकच स्वर वाजत असे, पण नाद बदलण्याची सोय होती. ‘नागिन’ (१९५४) या चित्रपटातील गाजलेली पुंगी म्हणजे प्रत्यक्षात हेच वाद्य. संगीत हेमंतकुमार यांचे होते आणि क्लाव्हिओलीन वाजवले होते कल्याणजी वीरजी शहा यांनी. पुढे कल्याणजी-आनंदजी या जोडीमुळे ते संगीतकार म्हणून प्रसिद्ध झाले. भारतीय प्रेक्षकाने इलेक्ट्रॉनिक नादाला पहिली मोठी दाद दिली, ती तो गारुड्याच्या वाद्याचा नाद आहे असे समजून.

या वाटेवरचे पुढचे मोठे नाव केरसी लॉर्ड (१९३५–२०१६) यांचे. वडील कावस लॉर्ड आणि भाऊ बुर्जोर लॉर्ड हेही चित्रपटसृष्टीतील नामवंत तालवादक होते. केरसी ॲकॉर्डियन वाजवत, ग्लॉकेनस्पील वाजवत आणि वाद्यवृंदरचनाही करत. ‘आराधना’ (१९६९) मधील ‘रूप तेरा मस्ताना’ या गाण्यातील ॲकॉर्डियन त्यांचे आहे. १९७० च्या दशकात मूग सिंथेसायझर हिंदी चित्रपटसंगीतात रुजवण्याचे श्रेय प्रामुख्याने त्यांना दिले जाते.

जगातही तोच काळ कळफलकवादकांचा होता. १९७० मध्ये मिनिमूग बाजारात आला आणि सिंथेसायझर सहज हलवता येऊ लागला. इंग्लंडमधील प्रोग्रेसिव्ह रॉक वाद्यवृंदांत कीथ इमर्सन यांच्यासारख्या वादकांनी गिटारऐवजी कळफलक मंचाच्या मध्यभागी आणला. जपानमध्ये इसाओ तोमिता यांनी दब्युसी या फ्रेंच संगीतकाराच्या रचना मूगवर बसवून १९७४ मध्ये जगभर नाव मिळवले. १९७८ मध्ये तोक्योत ‘यलो मॅजिक ऑर्केस्ट्रा’ स्थापन झाला. त्यातील कळफलकवादक रिउइची साकामोतो यांना पुढे ‘द लास्ट एम्परर’च्या संगीतासाठी ऑस्कर पुरस्काराचा वाटा मिळाला. या साऱ्यांची नावे ध्वनिमुद्रिकेच्या वेष्टनावर ठळक छापली जात. मुंबईच्या वादकाच्या वाट्याला ते आले नाही.

वाद्यवृंदातील वादक

त्या काळी चित्रपटगीताचे ध्वनिमुद्रण सर्व वादक आणि गायक एकत्र बसून होत असे. ताडदेवचे फेमस स्टुडिओ आणि फिल्म सेंटर, वांद्र्याचा मेहबूब स्टुडिओ येथे एकेका गाण्याला कित्येक वादक जमत. संगीतकार चाल बांधे. संयोजक तिची वाद्यवृंदरचना करून स्टाफ नोटेशनमध्ये लिहून काढे. सेबॅस्टियन डिसोझा, अँथनी गोन्साल्विस यांच्यासारख्या गोव्याच्या संगीतज्ञांनी ही पद्धत मुंबईत घट्ट रुजवली. एखाद्याचा एक स्वर चुकला तरी सगळे गाणे पुन्हा घ्यावे लागे. त्यामुळे वादकाला नोटेशन पाहताच वाजवता येणे, लयीत अचूक असणे आणि सांगितलेला नाद क्षणात काढून देणे आवश्यक होते. मोबदला पाळीनुसार मिळे. तबकडीवर संगीतकार, गीतकार आणि गायक यांची नावे छापली जात, वादकांची नाही.

चरणजित सिंग या शिस्तीत घडले. नवे वाद्य बाजारात आले की ते मिळवायचे, त्याचे नाद तपासायचे आणि संगीतकारासमोर ठेवायचे, ही त्यांची ख्याती होती. ट्रान्झिकॉर्ड हे इटलीच्या फारफिसा कंपनीचे इलेक्ट्रॉनिक ॲकॉर्डियन. ‘हरे रामा हरे कृष्णा’ (१९७१) मधील ‘दम मारो दम’ या गाण्याला जी धुंद, थरथरती साथ आहे, ती चरणजित सिंग यांच्या ट्रान्झिकॉर्डची.

स्टुडिओबाहेर त्यांचा स्वतःचा वाद्यवृंद होता. समारंभांतून आणि जाहीर कार्यक्रमांतून तो चित्रपटगीतांच्या धून वाजवत असे. अशा धूनांच्या तबकड्यांना तेव्हा मोठी मागणी होती. व्हॅन शिपले आणि हजारा सिंग यांची गिटार, पुण्याच्या इनॉक डॅनियल्स यांचे ॲकॉर्डियन यांवर वाजलेली गाणी रेडिओवर आणि मंगल कार्यालयांत ऐकू येत. चरणजित सिंग यांनीही धूनांच्या तबकड्या काढल्या. या प्रकाराने त्यांना गायकाची जागा वाद्याने भरून काढायला शिकवले. संपूर्ण ध्वनिमुद्रिका एकट्याच्या कळफलकावर तोलून धरण्याचा आत्मविश्वास या कामातून आला.

रोलँडची तीन यंत्रे

रोलँड ही कंपनी इकुतारो काकेहाशी यांनी १९७२ मध्ये ओसाका येथे स्थापन केली. त्यांनी १९८० ते १९८२ या काळात बाजारात आणलेली तीन वाद्ये चरणजित सिंग यांनी सिंगापूरहून आणली. भारतात तेव्हा परदेशी वस्तूंवर जबर आयात शुल्क होते आणि अशी यंत्रे येथील दुकानांत मिळत नव्हती. विकत घेणाऱ्याने मोठा खर्च सोसून, वापराची खात्री नसताना ती आणायची, अशी परिस्थिती होती.

पहिले यंत्र टीआर-८०८, म्हणजे तालयंत्र. ढोल, झांज, टाळी यांचे नाद त्यात विजेच्या मंडलांतून निर्माण होतात. वादकाने सोळा कळांवर आघातांच्या जागा ठरवल्या की यंत्र तो ठेका न थकता वाजवत राहते. त्याचे नाद खऱ्या ड्रमसारखे नाहीत अशी तक्रार झाली, विक्री मंदावली आणि सुमारे १२,००० नग विकून १९८३ मध्ये उत्पादन थांबले. नंतर याच ‘खोट्या’ नादांवर हिप-हॉप आणि नृत्यसंगीताची मोठी इमारत उभी राहिली.

दुसरे यंत्र टीबी-३०३. तादाओ किकुमोतो यांनी रचलेले हे छोटे, चंदेरी यंत्र बास गिटारवादकाच्या जागी वापरावे अशी कल्पना होती. एकट्याने सराव करणाऱ्या गिटारवादकाला साथ मिळावी, हा हेतू. त्यात सोळा पायऱ्यांचा क्रम भरता येतो, एखाद्या स्वरावर जोर देता येतो आणि एका स्वरावरून दुसऱ्यावर घसरता येते. नादातील तीक्ष्ण अंश कमी-जास्त करणाऱ्या कळा फिरवल्या की तोच क्रम कधी गुरगुरतो, कधी किंचाळतो. बास गिटारशी मात्र त्याचे साम्य फारच थोडे. सुमारे १०,००० नग बनवून १९८४ मध्ये त्याचेही उत्पादन बंद झाले.

तिसरे वाद्य ज्युपिटर-८ हा मोठा आणि महागडा सिंथेसायझर. त्यावर एकाच वेळी आठ स्वर वाजतात. स्वर वाकवण्याचा दांडा आणि स्वरांतराने घसरत जाण्याची सोय त्यावर आहे. वेगवेगळ्या कंपन्यांची वाद्ये एकमेकांशी जोडणारी ‘मिडी’ ही पद्धत १९८३ मध्ये आली. त्याआधी रोलँडची आपल्या यंत्रांची घड्याळे जुळवण्याची स्वतंत्र जोडणी होती. त्यामुळे ताल आणि बास यंत्रांवर सोपवून वादकाचे दोन्ही हात मुख्य स्वरावलीसाठी मोकळे राहू शकत होते.

राग आणि डिस्को

१९८० मध्ये ‘कुर्बानी’ आणि ‘कर्ज’, १९८१ मध्ये नाझिया हसन यांचा ‘डिस्को दीवाने’, १९८२ मध्ये बप्पी लाहिरींचे संगीत असलेला ‘डिस्को डान्सर’ अशी डिस्कोची लाट तेव्हा देशभर उसळली होती. चरणजित सिंग रोजच्या कामात हेच संगीत वाजवत होते. डिस्कोचा ठेका ठेवायचा, तबला काढून टाकायचा आणि वर चित्रपटगीताऐवजी राग वाजवायचा, ही त्यांची कल्पना होती. घरी यंत्रे जुळवून सराव केला, जमले, आणि एचएमव्हीने ती ध्वनिमुद्रिका १९८३ मध्ये बाजारात आणली.

ऐकताना रचना लगेच समजते. टीआर-८०८ चा चार समान मात्रांचा ठेका सुरू होतो. टीबी-३०३ षड्जाभोवती फिरणारा एक छोटा स्वरक्रम घोळवत राहते. त्यावर ज्युपिटर-८ रागाचे आरोह-अवरोह, पकड आणि ताना मांडते. सुरुवातीच्या भैरवात यंत्रातून आलेला मानवी आवाज शिवाचे नाव घेतो. दहापैकी भूपाळी, मालकंस, कलावती आणि बैरागी हे चार राग पाच स्वरांचे आहेत. कळफलकावर द्रुत ताना घेण्यासाठी असे औडव राग सोयीचे, कारण स्वरांमधील मोकळ्या जागांमुळे तान वेगातही स्पष्ट ऐकू येते. ललतात मात्र पंचम नाही आणि दोन्ही मध्यम लागतात, तोडीत कोमल रिषभ, गांधार, धैवतासोबत तीव्र मध्यम येतो. हे अवघड राग निवडून त्यांनी सोपी वाट टाळली होती.

या प्रयोगाचे मर्म बासमध्ये आहे. पाश्चात्त्य पद्धतीच्या गाण्यात बास स्वरसंघांबरोबर जागा बदलतो आणि त्या बदलातून गाणे पुढे सरकते. रागात स्वरसंघ बदलत नाहीत. तानपुरा षड्ज-पंचम अखंड धरून ठेवतो आणि सगळी हालचाल त्या स्थिर पायावर होते. चरणजित सिंग यांनी टीबी-३०३ ला तानपुऱ्याचे काम दिले. बास एकाच आधारस्वरावर थांबल्यामुळे श्रोत्याचे लक्ष बासच्या नादाकडे, त्याच्या तीक्ष्णतेतील चढउताराकडे आणि स्वरांच्या घसरण्याकडे जाऊ लागले. पुढे शिकागोत जन्मलेल्या संगीताचे मुख्य लक्षण हेच आहे: स्वरसंघ नाहीत, एक क्रम सतत फिरतो आणि बदलतो तो फक्त नाद.

कळफलकावर राग वाजवावा की नाही, हा वाद महाराष्ट्राला नवा नाही. संगीत नाटकांत पायपेटी ऑर्गनने साथ केली आणि गोविंदराव टेंबे यांच्यासारख्या कलावंताने हार्मोनियमला एकल वाद्याचा मान मिळवून दिला. तरीही १९४० मध्ये आकाशवाणीने हार्मोनियमवर बंदी घातली आणि ती तीस वर्षांहून अधिक टिकली. ठरावीक बारा स्वरांत श्रुती मावत नाहीत आणि मींड निघत नाही, हे आक्षेप होते. सिंथेसायझरने दुसरा आक्षेप बऱ्याच अंशी दूर केला, कारण त्यावर स्वर खरोखर ओढता येतो. पहिला आक्षेप मात्र या ध्वनिमुद्रिकेलाही लागू पडतो. भैरवातील कोमल रिषभ-धैवतांचे आंदोलन एखाद्या गवयाच्या गळ्यातून जसे येते, तसे येथे येत नाही. विलंबित आलापालाही जागा नाही. समेवर येण्याचा आनंद देणारे तालाचे आवर्तन चार समान ठोक्यांत हरवते. रागसंगीताची मैफल म्हणून ही ध्वनिमुद्रिका अपुरी आहे. रागाच्या स्वराकृतींतून उभे केलेले नवे नृत्यसंगीत म्हणून ती पूर्ण आणि स्वयंसिद्ध आहे.

विस्मरण आणि शिकागो

ध्वनिमुद्रिका खपली नाही. शास्त्रीय संगीताच्या श्रोत्यांना डिस्को नको होता आणि डिस्कोच्या श्रोत्यांना गाणे हवे होते. चरणजित सिंग पुन्हा स्टुडिओच्या आणि समारंभांच्या कामाला लागले.

दरम्यान अमेरिकेत रोलँडच्या बंद पडलेल्या यंत्रांची वापरलेले नग स्वस्तात विकले जाऊ लागले. शिकागोतील कृष्णवर्णीय तरुणांच्या ‘फ्यूचर’ या गटाला असेच एक टीबी-३०३ मिळाले. त्याच्या कळा फिरवत त्यांनी तयार केलेला ‘ॲसिड ट्रॅक्स’ १९८७ मध्ये प्रसिद्ध झाला आणि ‘ॲसिड हाउस’ या प्रकाराची ती नांदी ठरली. वर्षभरात या संगीताने इंग्लंड व्यापले. मुंबईच्या ध्वनिमुद्रिकेशी या तरुणांचा काहीही संबंध नव्हता. दोन शहरांतील वादक एकाच यंत्रापाशी स्वतंत्रपणे पोहोचले आणि दोघांनीही ते यंत्र ज्यासाठी बनवले होते त्याहून वेगळ्या कामाला लावले. म्हणून चरणजित सिंग यांना ॲसिड हाउसचे जनक म्हणणे बरोबर नाही, कारण जनक म्हणावे तर परंपरा चालू व्हावी लागते. ते या नादाच्या पहिल्या काही मुद्रणकर्त्यांपैकी एक होते, हे मात्र तारखांनी सिद्ध आहे.

पुन्हा शोध

हिंदी चित्रपटसंगीताच्या जुन्या तबकड्या जमवणारे डच संग्राहक एडो बाउमन यांना ही ध्वनिमुद्रिका दिल्लीतील एका दुकानात सापडली. त्यांनी मुंबईत येऊन चरणजित सिंग यांची भेट घेतली आणि २०१० मध्ये आपल्या ‘बॉम्बे कनेक्शन’ या नाममुद्रेखाली ती पुन्हा प्रकाशित केली. प्रतिक्रिया दोन टोकांच्या होत्या. अनेकांनी कौतुक केले, तर काहींना हे सारे बनावट वाटले. एखाद्या युरोपीय इलेक्ट्रॉनिक संगीतकाराने आज संगीत करून त्यावर जुन्या भारतीय तबकडीचा मुखवटा चढवला असावा, अशी शंका घेतली गेली. मुंबईच्या चित्रपटसृष्टीतील वादकाजवळ १९८२ मध्ये ही यंत्रे असतील आणि ती वापरण्याचे कसब असेल, हे त्यांच्या कल्पनेत बसत नव्हते. एचएमव्हीची मूळ तबकडी आणि खुद्द हयात असलेला वादक यांमुळे ती शंका टिकली नाही.

सत्तरीत पोहोचलेले चरणजित सिंग पुढील काही वर्षांत युरोपमधील महोत्सवांत आणि सभागृहांत रोलँडची वाद्ये घेऊन हेच राग वाजवण्यासाठी मंचावर उभे राहिले. त्यांच्यापुढे नाचणारे बहुतेक श्रोते ही ध्वनिमुद्रिका प्रथम निघाली तेव्हा जन्मलेलेही नव्हते. हयातभर इतरांच्या गाण्याला साथ केलेल्या वादकाचे नाव या कार्यक्रमांच्या जाहिरातींत एकटेच छापले गेले. जुलै २०१५ मध्ये मुंबईत त्यांचे निधन झाले.

कारकिर्दीचे मोल

पाश्चात्त्य लेखनात चरणजित सिंग यांची गोष्ट बहुधा योगायोगाची म्हणून सांगितली जाते: एका साध्या वादकाच्या हातून नकळत भविष्यातील संगीत वाजून गेले. त्यांची कारकीर्द पाहिली तर हे वर्णन अन्यायाचे ठरते. नव्या वाद्याचा नाद पारखण्याची सवय त्यांना ट्रान्झिकॉर्डच्या दिवसांपासून होती. एकट्याच्या वाद्यावर पूर्ण ध्वनिमुद्रिका पेलण्याचा सराव धूनांच्या तबकड्यांनी दिला होता. डिस्कोचा ठेका रोजच्या कामातून अंगी मुरला होता आणि रागांची ओळख येथील हवेतच होती. यंत्रे जपानची, ठेका अमेरिकेचा आणि स्वर हिंदुस्थानी असला, तरी हे तिन्ही एकत्र आणणारी कारागिरी मुंबईच्या वाद्यवृंदाची होती. कल्याणजींच्या क्लाव्हिओलीनपासून केरसी लॉर्ड यांच्या मूगपर्यंत चालत आलेल्या परंपरेचे ते पुढचे पाऊल होते.

त्या परंपरेतील बहुसंख्य वादकांना असा पुनर्जन्म लाभला नाही. हिंदी आणि मराठी चित्रपटगीतांतील किती सुरावटी कोणी वाजवल्या, याची नोंद तबकड्यांवर नाही. अभ्यासक ग्रेगरी बूथ यांनी मुंबईच्या वादकांशी प्रदीर्घ संवाद साधून २००८ मध्ये ‘बिहाइंड द कर्टन’ हा ग्रंथ प्रसिद्ध केला आणि या इतिहासाचा मोठा भाग वाचवला. हे काम मराठीतही व्हायला हवे. सुवर्णकाळातील जे वादक आज हयात आहेत, त्यांच्या मुलाखती ध्वनिमुद्रित करणे, त्यांच्या नोटेशनच्या वह्या आणि वाद्ये जतन करणे, जुन्या गाण्यांच्या नव्या आवृत्त्यांवर वादकांची नावे छापणे ही कामे विद्यापीठांचे संगीत विभाग, ध्वनिमुद्रिका कंपन्या आणि संग्राहक यांनी मिळून हाती घ्यावीत. चरणजित सिंग यांचे नाव एका परदेशी संग्राहकाच्या चिकाटीमुळे वाचले. उरलेल्यांची नावे वाचवण्याची जबाबदारी ज्यांनी ती गाणी ऐकून आयुष्य घालवले, त्या समाजाची आहे.